जंगलात अंघोळ? चला, सुखोमाजरीला!



“अंघोळ करून निघायचं, की तिथे जाऊन करायची?” सासूबाईंनी अगदी गंभीरपणे विचारलं. मी त्यांना सांगितलं होतं, “आई, रविवारी आपण जंगलात अंघोळीला जातोय.” त्यांनी पिशवीत टॉवेल भरूनही ठेवला होता. आठवीतले आमचे चिरंजीव तेवढ्यावरच दोन दिवस हसत होते.

हसू तुम्हालाही आलं असेल. पण ही अंघोळ पाण्याची नाही, रानाची आहे. जपानी भाषेत तिला ‘शिनरिन-योकू’ म्हणतात. शिनरिन म्हणजे वन आणि योकू म्हणजे स्नान. आपण तिला वनस्नान म्हणू या. मार्चच्या पहिल्या रविवारी इथल्या आम्ही चार-पाच मराठी कुटुंबांनी ते करून पाहिलं. त्या दिवशी जे कळलं ते तुम्हाला सांगायचंय.

त्याआधी आमच्या गावाबद्दल दोन शब्द. ‘पंचकुला’ म्हटलं की मराठी माणसाला पाच कुळं आठवतात. बदलीवर इथे आलो तेव्हा मलाही तसंच वाटायचं. मग शेजारच्या आजींनी समजावलं, इथे ‘कूल’ म्हणजे पाण्याचा पाट. घग्गर नदीचं पाणी वरच्या अंगाने आणून नाडा साहिबपासून मनसा देवीपर्यंतच्या जमिनीला पोचवणारे पाच पाट, म्हणून पंचकुला. चंदीगडला खेटून असलेल्या या आखीव-रेखीव शहराचं नावच पाणी वाटून घेण्यावरून पडलं आहे. हे लक्षात असू द्या, पुढे लागेल.

वनस्नान म्हणजे नेमकं काय?

हा शब्द फार जुना नाही. १९८२ मध्ये जपानच्या वनखात्याने तो रूढ केला. शहरातली माणसं कामाच्या ताणाने थकत चालली होती, आणि देशाचा दोन तृतीयांश भाग तर जंगलाचा. मग लोकांनी जंगलात यावं, शांतपणे फिरावं, श्वास घ्यावा, असं खात्यानेच सांगायला सुरुवात केली. नागानो प्रांतातलं आकासावा हे हिनोकी वृक्षांचं जंगल या कल्पनेचं माहेरघर मानलं जातं. तिथली पुष्कळशी झाडं तीनशे वर्षांच्या आसपासची आहेत.

तिकडे एका दिवसाच्या सहली असतात. सोबत वाटाड्या असतो. काही ठिकाणी आधी रक्तदाब मोजतात. मग दोन-तीन किलोमीटरची वाट दोन-तीन तासांत चालायची. मधे बसायचं, झाडाला हात लावायचा, पाण्याचा आवाज ऐकायचा, गावातल्या बायकांनी केलेला डबा खायचा. शेवटी चहा आणि पुन्हा रक्तदाब.

याचा उपयोग होतो का? टोकियोच्या निप्पॉन मेडिकल स्कूलचे डॉ. छिंग ली यांनी नोकरदार पुरुषांना तीन दिवस, दोन रात्री जंगलात नेऊन त्यांचं रक्त तपासलं. रोगाशी लढणाऱ्या एका प्रकारच्या पेशी त्या काळात जास्त कामसू झालेल्या दिसल्या. झाडं हवेत सोडतात त्या सुगंधी द्रव्यांचा यात वाटा असावा, असं त्यांचं म्हणणं. पण हेही सांगायला हवं की त्या प्रयोगात जेमतेम बारा माणसं होती. रानात बसल्यावर रक्तदाब आणि नाडीचे ठोके थोडे उतरतात, असं इतर पाहण्यांतही दिसलं आहे. तेव्हा वनस्नान चांगलं आहे, पण ते औषध नव्हे. गोळ्या चालूच ठेवायच्या.

गव्हाच्या बांधावरून

आम्ही निवडलं सुखोमाजरी. पंचकुला जिल्ह्यातलं, शिवालिक टेकड्यांच्या पायथ्याचं हे लहानसं गाव. घरून गाडीने तासाच्या आत पोचलो. वाट दाखवायला त्याच भागातले सत्तरीचे एक चाचाजी होते. थांबायचं कुठे आणि बसायचं कसं, हे सांगायला आमच्यातल्याच एक योगशिक्षिका ताई.

सुरुवात गव्हाच्या बांधावरून झाली. गहू ओंबीवर आला होता. खालून हिरवा, वर किंचित पिवळसर. ताईंनी पहिला नियम सांगितला : फोन खिशात आणि पुढच्या माणसाला ओलांडायचं नाही. सगळ्यांत हळू कोण चालतं, त्याच्या चालीने सगळ्यांनी चालायचं. सगळ्यांत हळू अर्थातच आमच्या आई. गुडघे दुखतात म्हणून नेहमी मागे राहणाऱ्या आई त्या दिवशी सगळ्यांच्या पुढे होत्या.

चिरंजीवांचा जीव कासावीस. मनगटावरच्या घड्याळात बघत म्हणाला, “आई, पंधरा मिनिटांत फक्त तीनशे पावलं! हे काय चालणं आहे?”

बांध संपला तशी माती बदलली. पायाखाली भुसभुशीत वाळू, मधेच गोटे, मधेच चिकण माती. चाचाजींनी काठीने कड उकरून दाखवली, भिंतीचा पोपडा निघावा तशी ती ढासळली. शिवालिक हे हिमालयाच्या पायथ्याशी नद्यांनी आणून टाकलेल्या गाळाचे डोंगर. सह्याद्रीचा काळा कातळ डोळ्यांपुढे असलेल्या आपल्याला हे नवंच वाटतं. इथे झाड नसेल तर एका पावसात डोंगर वाहून जातो. पावसाळ्यात या ओढ्यांना असा लोंढा येतो की गुरं वाहून जावीत, आणि एरवी ते कोरडे ठणठणीत. इथे त्यांना ‘चो’ म्हणतात.

पुढे झाडी लागली आणि गंमत सुरू झाली. घरापासून इतक्या लांब, परक्या मुलखात, पण झाडं सगळी ओळखीची! पांढऱ्या फुलांनी लगडलेला अडुळसा. लालभडक सावर आणि तिच्यावर मधमाश्यांचा नुसता गलका. नुकताच पेटू लागलेला पळस. शेंगा लोंबणारा बहावा. आई एकेका झाडाला नावाने हाक मारत निघाल्या. चाचाजी त्याचं इथलं नाव सांगत : बांसा, सेमल, ढाक, अमलतास. एका काटेरी झाडापाशी ते थांबले. “खैर,” म्हणाले. आईंनी लगेच पानाचा डबा काढला, कात बोटावर घेऊन त्यांना दाखवला आणि आपल्या खास हिंदीत विचारलं, “ये इसका ही ना?” चाचाजी खूश! खैराचा गाभा उकळून कात करतात. आईंनी उभा जन्म तो पानाला लावला, पण ज्या झाडापासून तो होतो त्याला हात त्या दिवशी पहिल्यांदा लागला.

सुखना तलाव का भरला?

एका मातीच्या बंधाऱ्यावर बसून चाचाजींनी जी गोष्ट सांगितली, ती आता तुम्ही ऐका. ती देशभर अभ्यासली गेली आहे.

चंदीगडचा सुखना तलाव तुम्ही फोटोत तरी पाहिला असेल. १९५८ मध्ये सुखना चो अडवून तो बांधला. पण पंधरा-सोळा वर्षांत तलावाचा निम्म्याहून अधिक भाग गाळाने भरला. कितीही उपसलं तरी पावसात पुन्हा तेच. हा गाळ येतो कुठून, हे शोधायचं काम केंद्र सरकारच्या मृदा व जलसंधारण संशोधन संस्थेच्या चंदीगड केंद्राकडे आलं. तिथले शास्त्रज्ञ पी. आर. मिश्रा ओढ्याच्या वरच्या अंगाला चालत गेले आणि पोचले सुखोमाजरीच्या उघड्याबोडक्या टेकड्यांवर.

गाव गुज्जरांचं. शेती पावसावरची, ती कधी पिकायची, कधी नाही. मग आधार शेळ्यांचा आणि गुरांचा. ती चरायची टेकड्यांवर. कोवळा कोंब दिसला की शेळीने खाल्लाच. झाड वाढेना, माती ठरेना, ती वाहून थेट शहराच्या तलावात.

शहरातून आलेल्या माणसांनी “चराई बंद करा” म्हणणं सोपं होतं. पण गावाने का ऐकावं? शहराच्या तलावात नावा चालाव्यात म्हणून यांनी शेळ्या विकायच्या? १९७६ मध्ये इथे पहिला मातीचा बंधारा झाला. मूळ हेतू माती अडवण्याचा, पण मागे पाणी साठलं. आणि पाऊस दडी मारून बसला, गहू करपायला लागला, तेव्हा त्या पाण्याने शेतं वाचली. मग गावाला पटलं की टेकडी राखली तर बंधारा टिकेल, बंधारा टिकला तर गहू पिकेल. तारेचं कुंपण न घालता गावाने आपल्या शेळ्या आवरल्या. अभ्यासकांनी याला ‘सामाजिक कुंपण’ असं नाव दिलं.

ऐन विशीतले चाचाजी तेव्हा स्वतः शेळ्या वळायचे. “पहले तो हम ही गाली देते थे,” ते हसत म्हणाले.

आई इतका वेळ गप्प होत्या. त्यांचं माहेर नगर जिल्ह्यातलं, कोरडवाहू. १९७२ च्या दुष्काळात, सतरा वर्षांच्या असताना, त्यांनी खडी फोडली आहे, सुकडी खाल्ली आहे. लहानपणी शेळ्याही राखल्या आहेत. त्यांनी विचारलं, “चाचाजी, जिसके पास जमीन नहीं था, उसका क्या? उसका तो बकरी भी गया, पानी भी नहीं मिला.”

पुस्तकं वाचून गेलेल्या आमच्यापैकी एकालाही हा प्रश्न सुचला नव्हता.

चाचाजी म्हणाले, अगदी हेच भांडण झालं होतं. सुरुवातीला पाणी बंधाऱ्याखालच्या शेतांनाच मिळायचं. बाकीचे म्हणाले, डोंगर सगळ्यांनी राखायचा आणि पाणी मोजक्यांनीच घ्यायचं, हे चालणार नाही. तेव्हा ठरलं, पाण्याचा वाटा शेतावर नाही, घरावर. जमीन असो नसो, प्रत्येक चुलीला सारखा हिस्सा. ज्याला शेत नाही त्याने आपलं पाणी दुसऱ्याला द्यावं आणि त्याचे पैसे किंवा पिकातला वाटा घ्यावा. मग शेळ्या कमी झाल्या, म्हशी वाढल्या. टेकडीवर भाबर गवत माजलं. त्याच्या दोऱ्या वळतात, कागदगिरण्याही ते घेतात. पुढे गावाच्या समितीने ते गवत वनविभागाकडून ठेक्याने घेतलं आणि उत्पन्न गावात ठेवलं.

आई एवढंच म्हणाल्या, “चुलीवर वाटा. बरोबर केलं.”

पाच पाटांच्या पंचकुल्याची आठवण झाली की नाही?

वीस मिनिटं

त्यानंतर ताईंनी आम्हाला झाडीत बसवलं. एकमेकांपासून लांब, पण एकमेकांच्या नजरेत. वीस मिनिटं काहीही करायचं नाही. मंत्र नाही, प्राणायाम नाही, फोटो नाहीत.

खरं सांगते, पहिली पाच मिनिटं माझ्या डोक्यात फक्त सोमवार होता. डबा, धोबी, वीजबिल. खैराची सावली ती केवढी, ऊन गालावर येत होतं. मुंगी चावली. मग केव्हातरी तांबटाची टुकटुक कानावर आली. ती बहुधा आधीपासूनच चालू असावी. मग वाऱ्याने गवत सळसळलं, लांब मोर ओरडला. मातीला वास होता, चुरगाळलेल्या अडुळशाला वेगळा वास होता. यापेक्षा जास्त काही घडलं नाही, आणि घडायला नकोच होतं.

एक मात्र मनात आलं. मी बसले होते तिथे पन्नास वर्षांपूर्वी सावलीही नव्हती. या डोंगरावर झाडं कमी लावली गेली, जास्त राखली गेली. कोणीतरी हात आवरला, शेळी आवरली, कुऱ्हाड आवरली, आणि मुळं आपोआप वर आली. आपल्या हिवरे बाजारातही चराईबंदी आणि कुऱ्हाडबंदीनेच डोंगर हिरवा झाला ना! तसं माझ्या मनाचंही असेल का? दिवसभर तेही सारखं कशाने ना कशाने चरलं जातं. वीस मिनिटं चराईबंदी केली की कोंब फुटायला जागा मिळते.

चिरंजीव परत आला तो मुठीत सावरीचं फूल घेऊन. “घड्याळात ठोके किती आले?” मी विचारलं. “बघायचं राहिलं,” तो म्हणाला.

दुपारी चाचाजींच्या घरी मक्याची भाकरी, मोहरीची भाजी आणि ताक. आईंनी इथली मक्याची ‘रोटी’ आणि आपली ज्वारीची भाकरी यांवर त्यांच्या सुनेशी खुणांच्या भाषेत अर्धा तास चर्चा केली. घरून नेलेल्या यंत्रावर त्यांचा रक्तदाब सकाळपेक्षा थोडा उतरलेला दिसला. पण एका दिवसाच्या आकड्यावर हुरळून जायचं नाही, हे आम्ही ठरवूनच गेलो होतो.

गोष्ट इथे संपत नाही

सगळं गोडगोड सांगून तुम्हाला फसवायचं नाही. नंतरच्या वर्षांत काही बंधारे गाळाने भरले. गवताच्या उत्पन्नातला किती हिस्सा वनविभागाचा आणि किती गावाचा, यावरून कुरबुरी झाल्या. तरुण मुलांना कारखान्यातला पगार शेतापेक्षा भरवशाचा वाटतो. चाचाजींचे दोन्ही मुलगे कारखान्यात जातात. “जंगल को अब कौन पूछता है,” ते म्हणाले. त्यात तक्रार कमी होती, थकवा जास्त होता.

म्हणूनच मला जपानमधलं आकासावा पुन्हा आठवलं. ते जंगल ज्या किसो खोऱ्यात आहे, तिथे सरंजामी काळात हिनोकी तोडायला सक्त मनाई होती. झाड तोडलं तर डोकं जाईल, असा धाक होता. जंगल टिकलं, पण धाकाने. सुखोमाजरीचं जंगल धाकाने नाही, वाट्याने उभं राहिलं. ज्याने राखलं त्याला त्यातून मिळालं. तो वाटा तुटला की राखणही सैल होते.

मग आपण शहरातली माणसं गाडीतून येतो, शांतता घेतो आणि जातो. राखणाऱ्याला काय मिळतं? हा प्रश्न आईंच्या प्रश्नाचाच धाकटा भाऊ आहे.

तुम्ही जाल तेव्हा

जपानला जायची गरज नाही, पंचकुल्यालाही नाही. कोकणात गावोगावी देवराया आहेत. मुंबईकरांना बोरिवलीचं राष्ट्रीय उद्यान आहे, पुणेकरांना तळजाईची टेकडी. फक्त एवढं लक्षात ठेवा :

• वाटाड्या त्याच गावचा घ्या, पैसे आधी ठरवा आणि घासाघीस करू नका. जेवण गावातच करा. घरचा डबा नेऊन कचरा तिथे टाकण्यापेक्षा ते बरं.

• अंतर कमी, वेळ जास्त. दोन किलोमीटरला दोन तास. आजी-आजोबा आणि लहान मुलं यांच्या चालीने चाला.

• एका जागी निदान वीस मिनिटं गप्प बसा. लहान मुलांना पाच पुरतात. त्यांना एकच काम द्या : किती वेगवेगळे आवाज ऐकू आले ते मोजायचे.

• पूर्ण बाह्यांचे कपडे आणि बूट घाला. बसण्याआधी जागा काठीने चाचपून घ्या. आमच्या शिवालिकमध्ये बिबट्या आहे, तुमच्याकडेही असेल. उजाडल्यावर जा, अंधाराआधी परत फिरा, एकटे जाऊ नका. पावसाळ्यात ओढ्याच्या पात्रात उतरू नका.

• अभयारण्यात किंवा राखीव वनात जायचं असेल तर वनविभागाची परवानगी आधी घ्या. देवराईत जाण्याआधी गावकऱ्यांना विचारा, तिथले रिवाज पाळा.

• फूल, पान, दगड काही घरी आणू नका. (चिरंजीवांनी आणलेलं सावरीचं फूल खाली पडलेलं होतं, तरीही ताईंनी त्याला ते परत ठेवायला लावलं.)

• आणि एक प्रश्न नक्की विचारा : हे रान कोणी राखलं? उत्तर मिळेपर्यंत विचारा.

परतताना गाडीत सगळे पेंगत होते. आई जाग्या होत्या. पिशवीतला टॉवेल त्यांनी चाचाजींच्या नातीला देऊन टाकला होता. “कोरा होता,” त्या म्हणाल्या, “आणि आपली अंघोळ तर झालीच की.”

तुमच्या गावाजवळचं रान कोणी राखलं, ते मला जरूर कळवा. पुढच्या वेळी भेटू, तेव्हा त्यातल्याच एखाद्या रानाची गोष्ट सांगेन.